डब्याच्या बदल्यात

मुग्धा नेमकं काय करायला आलीय, हे यशवंतपूरच्या भांडीवाल्यांच्या वस्तीत कुणालाच धड सांगता आलं नसतं. भागीरथीबाईला तर नाहीच नाही.

आता डॉक्युमेंटरी म्हणजे काय, हे बाईला ठाऊक होतं बरं का. टीव्हीवर वाघ हरणामागं पळतो आणि कुणीतरी माणूस खर्जात बोलत राहतो, ती डॉक्युमेंटरी. पण ही पुण्याची पोरगी आली, डोक्यावर केसांचा बुचडा, पायात रबरी चपला, आणि पहिल्याच दिवशी तिनं कॅमेरा काढून बाईच्या हातातच दिला.

"अक्का, तुम्ही घ्या. तुम्हाला जे दाखवायचंय ते दाखवा. ही फिल्म माझी नाहीये, आपली सगळ्यांची आहे."

बाईनं तो कॅमेरा चुलीवरची कढई धरावी तसा दोन हातांनी धरला. काय दाखवायचं? तिनं टोपलीतली भांडी एकेक करून दाखवली. पातेलं, तवली, झाकणाचा डबा. उलटं करून, बोटाच्या सांध्यानं वाजवून, गिऱ्हाइकाला दाखवतात तसं. मुग्धानं ते संध्याकाळी बघितलं आणि म्हणाली, "अमेझिंग!" बाईला कळंना, पातेल्यात एवढं काय अमेझिंग. त्यातलं एक तर जरा चेपलेलं होतं.

ही माणसं कोण, ते सांगतो. तीन पिढ्यांमागं विजापूर-सोलापूरकडनं बेंगळुरात आलेली. घरात मराठी, गल्लीत कन्नड. धंदा एकच, दारोदार जायचं, "पात्रेऽऽ, हळे बट्टेऽऽ" म्हणून ओरडायचं, जुने कपडे घ्यायचे आणि बदल्यात नवं भांडं द्यायचं. मग ते कपडे धुवायचे, फाटलेलं शिवायचं, इस्त्री मारायची आणि रविवारी चिकपेटच्या बाजूला रस्त्यावर मांडून विकायचे. लोकांना यांच्याकडनं भांडं चालतं, पण यांना घरात पाणी द्यायला तांब्या वेगळा. नव्या अपार्टमेंटचे वॉचमन तर गेटलाच हाकलतात.

पण ह्या लोकांतही कायदे आहेत, आणि ते पक्के आहेत. पहिला कायदा, फुकट काही घ्यायचं नाही. फाटकं फडकं घेतलं तरी चमचा ठेवायचा. फुकट घेतलं की भिकारी झालो. दुसरा कायदा, दिलं की दिलं. टोपलीत पडलेली साडी गिऱ्हाइकानं परत मागायची नाही, आणि भांडं आपण परत मागायचं नाही. आणि तिसरा म्हणजे दारं. कुणाची कुठली गल्ली ते ठरलेलं असतं. दुसऱ्याच्या दारात जाऊन ओरडायचं नाही. लोक शेतं वाटतात तशी ही माणसं दारं वाटतात. भागीरथीबाई लग्न होऊन आली तेव्हा तिच्या सासूनं तिच्या ओटीत नारळ घातला आणि बसवनगुडीतली एक गल्ली घातली.

त्या गल्लीतलं पहिलं दार सुब्बारावांचं. देशस्थ म्हातारा, बँकेतनं रिटायर झालेला, बोलणं मराठीच पण निम्मं कन्नड मिसळलेलं. गल्लीत हे एकच दार असं, जिथं बाईला घासाघीस मराठीत करता यायची. आणि त्या दारानं हो म्हटलं की पुढची सगळी दारं उघडायची. सुब्बारावांच्या पायरीवर टोपली उतरलेली दिसली की समोरची शिल्पाश्री जुने ड्रेस घेऊन यायची, तिच्या शेजारची यायची. आसपास सगळीकडं जुनी घरं पाडून अपार्टमेंटं झाली, तेवढी ही एक गल्ली उरली होती. बाईला आता गुडघ्यानं चालवत नव्हतं. ही गल्ली सुनेच्या, अनुषाच्या ओटीत घालायची आणि मोकळं व्हायचं, एवढं एकच तिच्या मनात होतं.

अनुषाच्या मनात काय होतं, ते मात्र तिला कळत नव्हतं. पोरगी टोपली उचलायची, नाही म्हणायची नाही. पण मुग्धा आल्यापासून तिच्या हातात कॅमेरा असा बसला, जसं बाईच्या हातात पातेलं. बाकीच्या बायका दोन दिवस खेळल्या आणि कंटाळल्या. अनुषानं तो खाली ठेवलाच नाही.

तर असं महिनोन् महिने चाललं. ज्याला वाटेल तो काढायचा, वाटेल ते काढायचा. मग मारुतीच्या देवळापुढं पांढरी चादर बांधून मुग्धानं सगळ्यांना दाखवलं आणि म्हणाली, "आता एडिटिंग पण आपण मिळून करायचं. ज्याला जे नको असेल ते सांगा, मी काढून टाकेन."

झालं! एवढं म्हणायची खोटी. एकजण म्हणाली, माझं ब्लाऊज उसवलेलं दिसतंय, काढा. दुसरी म्हणाली, मी जाडी दिसते, काढा. देवाप्पा, वस्तीतला सगळ्यात जुना माणूस, त्याला एका वॉचमननं काठी दाखवून आईवरनं शिवी दिली होती, ते आलं होतं. तो म्हणाला, "माझी नातवंडं बघणार हे. काढा." अशी काढाकाढी करत करत शेवटी फिल्ममध्ये नळ उरला आणि लांबनं जाणारी मालगाडी.

मुग्धा ओठ चावत म्हणाली, "ठीक आहे. तुमचा निर्णय. मी रिस्पेक्ट करते." पण तिचा चेहरा असा झाला होता की भागीरथीबाईला वाटलं, ही आता रडते.

देवाप्पानं तंबाखू थुंकली. "थांब की पोरी. आम्ही फुकट काढतोय होय? आपल्यात फुकट काय घेत न्हाईत. ज्यानं काढलं त्यानं बदल्यात कायतरी घालायचं. तेवढ्याच लांबीचं."

आणि स्वतः उठून त्यानं काय केलं असेल? दुसऱ्या दिवशी कुठनं तरी शिट्टी आणली, कमरेला पट्टा बांधला, वस्तीच्या तोंडाशी स्टूल टाकून बसला आणि स्वतःच वॉचमन झाला. येणाऱ्या-जाणाऱ्याला तीच शिवी, तीच काठी. मुग्धालासुद्धा आत सोडंना. "एंट्री न्हाई! पाठीमागच्या गेटनं या!" हसून हसून लोकांची मुरकुंडी वळली. ते फिल्ममध्ये गेलं. मग एकीनं उसवलेल्या ब्लाऊजच्या बदल्यात टाके घालतानाचे हात दिले. फिल्म परत भरली. मुग्धा म्हणाली, असं तिनं कधीच बघितलं नव्हतं. बाईनं मान डोलावली. कळलं काहीच नव्हतं, पण पोरगी रडायची थांबली हे बरं झालं.

बाईचा स्वतःचा एकच तुकडा होता, आणि तो सगळ्यांना आवडला होता. अनुषानं काढलेला. सुब्बारावांच्या पायरीवर बाई बसलीय. म्हातारा दारात खुर्चीवर. अनुषा कॅमेरा घेऊन उभी, तेव्हा त्यांनी विचारलं होतं, "काय, फोटो काय?" ती म्हणाली, "हो अज्जा." ते ताठ बसले, फोटोसाठी बसतात तसे, आणि मग घासाघिशीच्या भरात विसरूनच गेले.

त्यात सुब्बाराव म्हणतात, "मागच्या डब्याचं झाकण सैल होतं, भागीरथी."

"सैल कसलं, अण्णा? पाणी भरून उलटा केला तर थेंब गळायचा न्हाई. तुमच्या बोटातच जोर न्हाई आता."

"बोटाला काय करायचंय? स्वल्प मोठं पातेलं दे. इरकल आहे ही, काठ बघ."

"काठ बघितला. पदर विरलाय तो कोण बघणार?"

"विरला नाही, नेसलाय."

आणि मग ते हिरवी साडी मांडीवर घेतात, काठावरनं एकदा हात फिरवतात, घडी झटकतात, आणि घडीतनं डांबराची गोळी पडते. टण् करून पायरीवर. ती गडगडत गडगडत थेट कॅमेऱ्यापाशी येते. एवढंच. वस्तीतल्या बायका म्हणायच्या, "अक्का, म्हातारा तुझ्याशी भांडताना कसा खुशीत दिसतोय बघ की!" बाई म्हणायची, "गप गं," आणि स्वतःच परत लावायला सांगायची.

हे सगळं ठीक होतं. मग एक दिवस मुग्धा आनंदात आली आणि म्हणाली, "अक्का, हॉल मिळाला! पहिलं स्क्रीनिंग बसवनगुडीत. तुमच्याच गल्लीच्या टोकाला, वाचनालयाच्या वर. सगळ्या घरांना बोलवूया. ज्या दारांत शूट केलं त्यांनी बघायला पाहिजे ना?"

बाईला तिथल्या तिथं ती साडी आठवली.

सुब्बारावांची बायको वासंती जाऊन काही वर्षं झाली होती. कपाटभर साड्या मागं ठेवून गेली. अमेरिकेतला मुलगा म्हणाला होता, आईच्या साड्या ईरासाठी ठेवा, ईरा म्हणजे नात. सुब्बाराव हो म्हणाले. आणि दर पहिल्या तारखेला एकेक काढून भागीरथीबाईला देत राहिले. का देतात, ते बाईनं कधी विचारलं नव्हतं. दारात विचारायचं नसतं. घरात पातेल्यांची गरज नव्हती, एकटा माणूस, डबा येत होता मेसचा. एकदाच ते म्हणाले होते, "हे दारातलं दारात राहू दे, भागीरथी." बाई म्हणाली होती, "अण्णा, तीस वर्षांत कुठलं दारातलं बाहेर गेलंय का?"

आणि आता ते चादरीएवढं मोठं होऊन अख्ख्या गल्लीपुढं जाणार होतं.

"काढ ते," बाई म्हणाली.

"काय?" मुग्धाला वाटलं आपण चुकीचं ऐकलं. "अक्का, तो फिल्मचा प्राण आहे!"

"मग दुसरा प्राण घाल. म्हातारा तोंड दाखवायचा न्हाई गल्लीत. आणि दार बंद झालं तर ह्या पोरीला मी काय देऊ? नळ आणि मालगाडी?"

अनुषा कोपऱ्यात कॅमेऱ्याची काच पुसत होती. वर बघितलं नाही.

देवाप्पा म्हणाला, "काढ की. पण बदल्यात काय घालतीस?"

तेच बाईला सुचंना. दोन दिवस तिला काही सुचलं नाही. मग म्हणाली, ज्याचं आहे त्यालाच विचारावं. अनुषाला घेतलं, मुग्धाचा लॅपटॉप पिशवीत घातला आणि मेट्रोनं नॅशनल कॉलेज स्टेशनला उतरून सुब्बारावांच्या दारात गेली. तारीख पहिली नव्हती, टोपली नव्हती. सुब्बाराव गोंधळले. "आज कशी?"

"अण्णा, एक चूक झालीय. म्हणजे चूक का काय, मला काय कळंना झालंय. तुम्हीच बघा."

पायरीवर लॅपटॉप उघडला. अनुषानं लावलं. सुब्बारावांनी चष्मा काढला, पुसला, घातला. ती डांबराची गोळी गडगडत आली तेव्हा त्यांनी पाय मागं घेतला, जशी काही ती लॅपटॉपमधनं बाहेरच येणार.

"परत लाव," ते म्हणाले.

परत लावलं. मग परत. बाई वाट बघत होती, आता चिडतील, मग चिडतील. ते उठून आत गेले. कपाट उघडल्याचा आवाज, भांड्यांचा आवाज. बाहेर आले ते हातात झाकणाचा गोल डबा घेऊन. तिनंच कधीतरी दिलेला. कंपनीचं लेबलसुद्धा काढलं नव्हतं.

"हे घे," म्हणाले. "ते दे."

"काय दे?"

"ते चित्र. डब्याच्या बदल्यात. एवढी वर्षं मी तुला जुनं देतो, तू नवं देतेस. आज उलटं. सरी, बरोबर?"

बाईला हसावं का रडावं कळंना. "अण्णा, चित्र असं कसं देऊ? ते काय पातेलं हाय?"

"तुझं आहे ना?"

"माझं म्हणतात खरं. सगळ्यांचं म्हणतात."

"तुझं असेल तर दे. नसेल तर इथं दाखवायला कशाला आणलंस?"

डबा तर तिच्या मांडीवर आलाच होता. आणि मांडीवर आलं की सौदा झाला. तीस वर्षांची सवय, हात आपोआप डब्याभोवती गेले.

वस्तीत येऊन तिनं सांगितलं तेव्हा मुग्धा सुटल्यासारखी हसली. "एवढंच ना? मी त्यांना कॉपी देते पेनड्राइव्हवर. त्यांच्याकडे पण राहील, आपल्याकडे पण राहील. फार तर त्या हॉलमध्ये नाही दाखवणार, बाहेर दाखवू."

"त्यांच्याकडं पण आणि आपल्याकडं पण?"

"हो. काही फरक पडत नाही. सेम टू सेम."

बाईनं विचार केला. फार विचार केला. "मग दिलं काय?"

"म्हणजे?"

"मी साडी घेतली आणि साडी त्यांच्या कपाटात पण राहिली, तर मी घेतलं काय? आणि भांडं दिलं आणि माझ्या टोपलीत पण राहिलं, तर ते दिलं म्हणायचं का दाखवलं?"

आता मुग्धालाही जरा राग आला, आला तर आला, पोरगीही माणूसच. म्हणाली, "पण अक्का, फिल्म सगळ्यांची आहे ना? मग तुम्ही एकट्यानं कसं देऊन टाकलं? मला विचारलं नाही, अनुषाला विचारलं नाही. शूट तिनं केलंय."

इथं बाई खरी अडकली. कारण ते बरोबर होतं. दार तिचं. चेहरा सुब्बारावांचा. साडी वासंतीबाईंची, म्हणजे ईराची. चित्र अनुषानं काढलेलं. मशीन मुग्धाचं. फिल्म सगळ्यांची. आणि डबा तिच्या मांडीवर. ह्यात कुणाचं काय, हे देवाप्पालासुद्धा सांगता येईना. तो म्हणाला, "साडीचं बरं असतंय बघ. एका टायमाला एकाच्याच अंगावर असती."

शेवटी सगळे अनुषाकडं बघायला लागले. तिचा तो सगळ्यात चांगला तुकडा, हे तिलाही माहीत होतं. मुग्धा तिला म्हणाली होती, हे बघून तुला कुणीही कॅमेऱ्याचं काम देईल.

"अत्ते," ती सासूला म्हणाली, "डबा घेतला तेव्हा मी तिथंच होते. मी काय बोलले न्हाई. म्हणजे मी पण दिलं." मग मुग्धाकडं वळली. "अक्का, कुठं दाबायचं?"

मुग्धानं पेनड्राइव्ह भरला. मग दोन-तीन डबड्या काढल्या, तारा जोडल्या. जिथं जिथं ते होतं तिथं तिथं अनुषानं दाबलं. प्रत्येक वेळी मशीन काहीतरी विचारायचं.

"काय म्हणतंय?" बाईनं विचारलं.

"खरंच पुसू का म्हणतंय."

"बघ, हे पण घासाघीस करतंय," बाई म्हणाली, पण कुणी हसलं नाही.

खरंच गेलं का, कुठं तरी राहिलं का, हे बाईला कसं कळणार? साडी गेली तर कपाट रिकामं दिसतं. ह्यात काय रिकामं झालं ते दिसेचना. मुग्धा म्हणाली, "गेलं, अक्का," आणि बाहेर जाऊन नळापाशी उभी राहिली. तिच्या पाठीवरनं बाईला वाटलं, गेलं असावं.

आता बदल्यात काय घालायचं? डबा होता, डबाच घातला. अनुषानं तो स्टुलावर ठेवला आणि तेवढाच वेळ कॅमेरा धरला.

भुईमुगाच्या शेंगांची जत्रा नुकतीच संपली होती, बसवनगुडीच्या रस्त्यावर टरफलं पडलेली, त्या आठवड्यात हॉलमध्ये फिल्म लागली. वस्तीतली माणसं इस्त्रीचे कपडे घालून एका बाजूला, गल्लीतली घरं दुसऱ्या बाजूला. मुग्धाच्या ओळखीची, खांद्याला कापडी पिशव्या लावलेली पोरं मागं. शिल्पाश्री आली होती. सुब्बाराव काठी टेकत आले आणि पहिल्या रांगेत बसले. पेनड्राइव्ह अनुषानं त्यांना कधीच नेऊन दिला होता. बाईनं लांबनंच हात जोडले. त्यांनी मान हलवली, पण चेहरा वाचता येईना.

फिल्म सुरू झाली. देवाप्पा वॉचमनवर लोक हसले. टाके घालणाऱ्या हातांवर गप्प झाले. आणि मग डबा आला.

नुसता डबा. अख्ख्या भिंतीएवढा. लेबल लावलेला. आवाज नाही, माणूस नाही. संपेचना. कुणी खोकलं. कुणी मोबाईल बघितला. शिल्पाश्री शेजारणीच्या कानात म्हणाली, "अडकलं वाटतं." घासाघिशीत वेळ कसा जायचा ते कळायचं नाही, आणि तेवढाच वेळ डबा बघायचा म्हणजे युग झालं.

दिवे लागले. मुग्धानं बाईला आणि अनुषाला पुढं खुर्चीवर बसवलं. पिशवीवाल्यांतला एकजण उठला. "मला त्या डब्याविषयी विचारायचंय. त्याचा अर्थ काय?"

मुग्धानं बाईकडं बघितलं. बाई म्हणाली, "डबा हाय तो."

लोक हसले. पोरगा काही बसेना. "हो, पण कुणाचा डबा?"

आता काय सांगायचं? माझा म्हणावं तर कुठनं आला, त्याचा म्हणावं तर दारातलं बाहेर आलं. बाई नुसती पदर पिळत राहिली. तेवढ्यात काठीचा आवाज झाला. ठक्.

"माझा," सुब्बाराव उभे राहिले.

बाईनं डोळ्यांनी नाही नाही म्हटलं. त्यांनी बघितलंच नाही.

"माझी पत्नी, वासंती. तिच्या साड्या मी ह्या भागीरथीला देतो. मुलाला सांगितलं होतं ठेवल्यात, पण देतो. त्यातल्या एका साडीच्या बदल्यात हा डबा घेतलेला." ते थांबले. "इथं मी होतो. ही होती. साडी होती. मी ते मागून घेतलं. आता बघतो तर नुसता डबा. कुणीच नाही त्यात. एवढ्यासाठी साड्या दिल्या होय, असं झालं मला."

गल्लीतल्या बायका एकमेकींकडं बघायला लागल्या. शिल्पाश्रीचा हात तोंडावर गेला. बाईला वाटलं, संपलं. दार गेलं, गल्ली गेली. आणि घाबरून तिच्या तोंडातनं जे यायला नको तेच आलं.

"तुमचा कसा, अण्णा? डबा तुम्ही मला परत दिला. माझा हाय तो."

सुब्बारावांनी मान वर केली. "तुझा? झाकण सैल निघालं म्हणून दिला!"

"सैल? भरल्या हॉलमध्ये खोटं बोलताय? पाणी भरून उलटा करून दाखवू?"

"दाखव ना! आण पाणी! आणि ती इरकल नीट बघितली असतीस तर मोठं पातेलं दिलं असतंस."

"इरकल होती का ती? पदर विरलेला!"

"विरला नव्हता! नेसला होता!" म्हातारा ओरडला, आणि त्याचा आवाज मधेच फुटला, पण तो थांबला नाही. "तिनं नेसला होता, भागीरथी!"

हॉल आधी हसत होता, मग हसायचा थांबला, मग कुणीतरी परत हसलं. काय करायचं कुणालाच कळंना. मुग्धाचा हात कॅमेऱ्याकडं गेला. अर्ध्यावर थांबला. तिनं अनुषाकडं बघितलं. अनुषानं हळूच मान हलवली, नको. मुग्धानं हात मांडीवर ठेवला आणि नुसतं बघत राहिली.

बाहेर पायऱ्यांवर सुब्बाराव भेटले. बाई म्हणाली, "अण्णा, गल्लीपुढं बोललात. आता पोराला कळणार."

"काल रात्री फोनवर सांगितलं त्याला."

"मग?"

"त्यानं मग विचारलं, आईची मोरपंखी दिली का? म्हटलं, नाही. म्हणाला, ती तेवढी ठेवा." ते जरा वेळ काठीशी खेळले. "आणि ते तुमचं चित्र. ते काडीएवढं दिलंत ते कशात घालतात? मी कपाटात साड्यांत ठेवलंय."

बाईनं कपाळावर हात मारला. एवढं करून म्हाताऱ्यानं ते घरी एकदाही बघितलं नव्हतं.

सुब्बाराव अनुषाकडं वळले. "पहिल्या तारखेला तू ये. सासूला आणू नको, गुडघे दुखतात तिचे. आणि भाव फार करते."

"मी काय आणू, अज्जा?" अनुषानं विचारलं. "टोपली का कॅमेरा?"

"दोन्ही आण. बघू काय काय देतेस."

मागं शिल्पाश्री उभी होती. ती अनुषाला म्हणाली, "आमच्याकडंही ये. ड्रेस काढून ठेवलेत."

परतताना मेट्रोत बाईला बसायला जागा मिळाली. मुग्धा आणि अनुषा दांडीला धरून उभ्या. बाईच्या मांडीवर डबा. ती मनात एकेक गोष्ट उलटून बघत होती, भांडं उलटून बघतात तशी. जे लपवायला पुसलं ते त्यानंच ओरडून सांगितलं. ज्या गोष्टीनं दार जायचं होतं तिच्यामुळंच ते राहिलं. गल्ली सुनेला मिळाली, पण सून टोपली नेणार का कॅमेरा, ते कुणी सांगावं.

"मुग्धा," ती म्हणाली, "मग पुसलं कशाला गं आपण?"

मुग्धा म्हणाली, "खरंच नाही माहीत, अक्का."

"बरं. मला वाटलं मलाच कळंना झालंय."

चिकपेट गेलं. बाईनं इकडं तिकडं बघितलं, कुणाचं लक्ष नाही. डब्याचं झाकण दोन बोटांनी धरलं आणि जरासं फिरवलं.

झाकण खरंच सैल होतं.